बिघडलेल्या काचांची पेटी

मित्रांनो, माझ्या पोटात शंभर खाचा आहेत आणि त्यांतल्या एकीतही धड काच नाही. सूक्ष्मदर्शकाखाली पाहायच्या काचपट्ट्या ठेवण्यासाठी बाईंनी मला एका सुताराकडून, जुन्या टेबलाच्या फळीतून करवून घेतलं. शेजारच्या पेट्यांत मुळांचे, देठांचे सुरेख छेद असत. माझ्या वाट्याला मात्र विद्यार्थ्यांनी बिघडवलेल्या काचा आल्या. कुणाचा छेद जाड, कुणाचा रंग भडक, तर कुणाच्या काचेखाली हवेचा बुडबुडा.

बाई विद्यापीठाच्या वनस्पतिशास्त्र विभागात नमुनारक्षक होत्या. म्हणजे नमुने पुसायचे, मोजायचे, कपाटात ठेवायचे, असं कागदावर होतं. प्रत्यक्षात सकाळपासून त्यांच्याभोवती मुलांचा गराडा असे. बिघडलेली काच त्या फेकू देत नसत. "नीट जमलेली काच गप्प बसते रे, बिघडलेलीच बोलते," असं म्हणून त्या काचेवर नाव, साल आणि चूक लिहिलेली चिठ्ठी डकवत. पुढच्या वर्षीच्या मुलांना ती चूक दाखवत, पण नाव अंगठ्याखाली झाकून.

बाईंना अठ्ठावन्न पूर्ण झाली आणि निवृत्तीचं पत्र आलं. शिक्षकांनी बासष्टाव्या वर्षी निवृत्त व्हायचं, बाकीच्यांनी अठ्ठावन्नाव्या, असा नियम होता. बाई बाकीच्यांत मोडत होत्या. मला पिशवीत घालून त्या घरी आल्या आणि चार दिवसांनी कोर्टात गेल्या. मी शिकवते, तर मला शिक्षक धरा, एवढंच त्यांचं म्हणणं होतं. मला मोठं नवल वाटलं. तीस वर्षं रोज डोळ्यांसमोर घडलेली गोष्ट घडली की नाही, हे ठरवायला माणसांना काळे कोट लागतात?

बाईंचे वकील मला पाहून हरखले. "हा तर हुकमाचा एक्का, बाई! नावं आहेत. एकेकाला साक्षीला बोलावू."

दुसऱ्या दिवशी बाईंची मुलगी घरी आली, तर बाई ओल्या कापसाने चिठ्ठ्यांवरची नावं पुसत बसलेल्या.

"आई! अगं, वकील काय म्हणाले, विसरलीस?"

"मुलांना शब्द दिला होता, नाव माझ्यापाशीच राहील म्हणून. आज मोठ्या हुद्द्यांवर आहेत ती. त्यांचे बुडबुडे चव्हाट्यावर मांडू?"

"आणि तुझी नोकरी?"

"कापूस दे इकडे."

मुलीने कापूस दिला. थोड्या वेळाने दुसरा बोळा तिने स्वतः घेतला.

कोर्टात विद्यापीठाच्या वकिलांनी माझं झाकण उघडलं. "साहेब, नमुने सांभाळणं हे यांचं काम. आणि सांभाळलं काय, तर हे भंगार! शिक्षक राहू द्या बाजूला, आधी रक्षक तरी म्हणावं का?" लोक हसले. बाईंच्या वकिलांनी कपाळाला हात लावला.

मग विभागप्रमुख साक्षीला उभे राहिले. शिकवणं हे बाईंचं काम नाही, असं त्यांनी आधीच लिहून दिलं होतं. काचा विभागातल्याच आहेत ना, एवढंच त्यांनी सांगायचं होतं. ते एकेक काच उचलून पाहू लागले. एक काच मात्र त्यांनी खिडकीकडे धरली, तिरपी केली, आणि खाली ठेवेचनात.

"ही माझी."

"नाव तर दिसत नाही," न्यायाधीश म्हणाले.

"बुडबुडा दिसतोय ना, साहेब. याला पेशी समजून मी वहीत चित्र काढलं होतं. छान रंगवलंही होतं. हवा आणि पेशी यांतला फरक माझ्याच तोंडून येईपर्यंत बाईंनी मला दुपारभर उठू दिलं नाही."

"त्यांनी तो सांगितला नाही?"

"छे! सांगितला असता तर विसरलो असतो."

न्यायाधीशांनी चष्मा काढला. "मग शिकवणं यांचं काम नाही, असं लिहून कसं दिलंत?"

"हुद्दा बघून दिलं, साहेब," विभागप्रमुख हळूच म्हणाले.

निकाल बाईंच्या बाजूने लागला. पण तारखांमध्ये तीन वर्षं चार महिने गेले होते, आणि बासष्टला उरले होते आठ महिने. "आठ तर आठ," असं म्हणून बाई दुसऱ्या सकाळी मला घेऊन कामावर हजर झाल्या. त्या आठ महिन्यांत माझ्याकडे एकोणीस नव्या काचा आल्या. इतक्या पूर्वी दोन वर्षांतही येत नसत.

गेल्या वर्षी बाई गेल्या. मुलीने मला कपाटावर ठेवलं. दर आठवड्याला ती मला कोरड्या फडक्याने पुसायची, उघडायची मात्र नाही. मग एक दिवस उघडलं, सगळ्या काचा एकदा उजेडात धरून पाहिल्या आणि मला विभागात घेऊन आली.

बाईंच्या जागी एक तरुण बाई आल्या आहेत. हुद्दा तोच आहे आणि निवृत्तीचं वयही अठ्ठावन्नच. निकाल फक्त आमच्या बाईंपुरता होता.

"ठेवून घ्या," मुलगी त्यांना म्हणाली. "शिकवायला उपयोगी पडेल. आणि पुढेमागे कोर्टात न्यावी लागलीच, तर झाकण जरा सैल आहे, धरून न्या."

मित्रांनो, माझी एवढीच विनंती आहे. दारावरची पाटी वाचून पुढे जाऊ नका. आत डोकवा, आणि तिथलं माणूस खरोखर काय करतंय ते बघा. ते बघायला सूक्ष्मदर्शक लागत नाही.