खुशालभाऊचा उजवा हात

बसा जी, चंद्रपूरच्या गाडीले टाइम आहे. धानोऱ्याच्या स्टँडवर गाडी वेळेवर आली तं लोक तिले हार घालतात. तवर तुमाले खुशालभाऊची गोष्ट सांगतो. पह्यले हासाल, ते चालते.

खुशालभाऊ म्हणजे झाडीपट्टीतला नावाजलेला दारूडा. नाटकातला, बरं का. दिवाळी झाली का मंडई, म्हणजे आमच्या गावची जत्रा, भरते, अन् मंडई भरली का गावोगाव नाटक. होळीपर्यंत माणूस कंपनीच्या मेटाडोरमंदीच जेवते, तिथीच झोपते. हिरो बदलले, हिरोइनी नागपुरावून आल्या अन् गेल्या, दारूडा मात्र खुशालभाऊच. तो बाटली तोंडाले लावे, नेम चुके, अन् पाणी कॉलरमंदी जाये. एवढ्यावर मांडवातल्या बाया तोंडाले पदर लावून लावून हासत. अन् माणूस असा, का जिंदगीत थेंब नाई घेतला. पंचशील पाळणारं घर त्याचं. मोहाच्या दारूचा वास सुटला का हा नाकाले दुपट्टा लावून गल्लीतून जाये.

पण लोकाइले दिसते तेच खरं. त्याची पोरगी रीना चंद्रपूरले देलेली. तिच्या सासऱ्यानं मोबाइलवर खुशालभाऊची क्लिप पाह्यली, अन् भर जेवणात म्हणे, "बेवड्याची पोर, तिले मिठाचा अंदाज कुठून राहीन?" तवापासून दोन दिवाळ्या झाल्या, पोरीले माहेरी नाई धाडलं.

अन् तशातच हात हालाले लागला. उजवा. घुग्घुसच्या नाटकात लोकाइनं पह्यल्या डाव पाह्यलं, तं शिट्ट्यावर शिट्ट्या. कंपनीचा मालक भूपेश म्हणे, "भाऊ, हे हाताचं नवीन काढलं का? जबरदस्त! ठेवा हे."

"ठेवत नाई गा, आपोआप होते."

"हेच तं! वाटतच नाई, का करून राह्यले म्हणून."

चंद्रपूरच्या एका डॉक्टरले दाखवलं. डॉक्टरनं कंपवात सांगितला, गोळ्या देल्या. बाहीर कंपाउंडर म्हणे, "भाऊ, एक डाव गिलास धरून दाखवा ना, व्हिडिओ काढतो." खुशालभाऊनं गोळ्या खिशात टाकल्या अन् गुपचूप जिना उतरला. घरी त्याची बायको प्रेमिलाबाई, तेवढीच काय ते समजे. सकाळी शर्टाच्या गुंड्या लावून दे, अन् पाण्याचा गिलास अर्धाच भरे.

मंग अवंदा उन्हाळ्यात, तेंदूपत्ता तोडाच्या टायमाले, सिनेमावाले आले. त्याइले एक बाप पाह्यजे होता, खुशालभाऊले घेतलं. सीन एवढाच, पोरगी शहरातून घरी येते, बाप तिच्या हाती पाण्याचा लोटा देते. बस. बोलणं नाई, बाटली नाई.

"अजी," प्रेमिलाबाई म्हणे, "हे पाह्यलं तं रीनाच्या सासऱ्याचं तोंड बंद होइन."

खुशालभाऊ रोज आंगणात लोटा धरून चाले. सांडलेलं पाणी प्याले कोंबड्या मांगं मांगं.

शूटिंगच्या दिवशी गोळी घेतली, धुतलेला सदरा घातला, लोटा उचलला. पाणी पोरगी झालेल्या नटीच्या पायावर.

डायरेक्टर पोरगं हासलं. "काका, दारूडा नकोय इथे. साधे वडील आहेत."

"नाटक नाई करून राह्यलो, बापा. दुखणं आहे."

सारे आणखीनच हासले. पुन्हा लोटा, पुन्हा सांडलं. मंग ते पोरगं हाताकडे पाहातच राह्यलं अन् म्हणे, "अरे, हे सोनं आहे! बापाला दारूडाच करू. खाटेखाली एक बाटली ठेवा."

बाटली आली. खुशालभाऊ खाटेवर बसला. लय थकला होता. वाटलं, करून टाकावं. सारी जिंदगी केलं, आणखीन एक. मंग बाटली उचलली अन् डायरेक्टरच्या हाती देली.

"हा पार्ट आता तूच कर, बेटा."

अन् निंगाला. वावराच्या धुऱ्यावर, बांधावर, पाय अडखळला, हात हालूनच राह्यला होता. तं मागून साऱ्या युनिटनं टाळ्या वाजवल्या, जी. जाणंबी त्याइले ॲक्टिंगच वाटलं.

घरी प्रेमिलाबाईनं पुसलं, "झालं का?"

"झालं," म्हणे. अर्धा गिलास पाणी पेला अन् भिंतीले टेकून बसला. आता कंपनीतबी जात नाई. भूपेश म्हणते, भाऊ भाव खाऊन राह्यला.

हासून नाई राह्यले न तुमी? बरं झालं. मी त्याच कंपनीत पडदा ओढतो. रीनाच्या सासऱ्याले मीच फोन केला होता, का भाऊ पेत नाई, हात दुखण्यानं हालते. तो म्हणे, "तुमी सारे नाटकवाले, तुमचं काय खरं?" तुमी परके माणूस, तुमचं ऐकन. गाडी लागली पाहा. जटपुरा गेटजवळ घर आहे त्याचं, कोणीबी दाखवन. जाजा, घोटभर चहा घेजा, अन् त्या सासऱ्याले एवढंच सांगजा, का खुशालभाऊचा हात दारूनं नाई हालत. सांगान ना जी?