अवाझूंचा निळा

मोतीबिंदूच्या ऑपरेशननंतर डोळ्यांवरची पट्टी निघाली, तेव्हा छायालेखक अवाझू सेइकिची आधी नर्सच्या गणवेशाकडेच बघत राहिले. इतका स्वच्छ पांढरा रंग त्यांनी कित्येक वर्षांत पाहिला नव्हता.

चौथ्या दिवशी ते क्योतोच्या एका थिएटरात दुपारच्या खेळाला जाऊन बसले. पडद्यावर त्यांनीच टिपलेला नवा चित्रपट होता. पहिल्याच दृश्यात ते खुर्चीत पुढे सरकले. दिव्याच्या उजेडात जेवायला बसलेलं कुटुंब बुडालेल्या माणसांसारखं निळंशार दिसत होतं. चित्रीकरणाच्या वेळी त्यांना तीच खोली पिवळी, उबदार दिसली होती, म्हणून तर फिल्मचे रंग ठरवताना लॅबमध्ये ते पुन्हा पुन्हा सांगत होते, "अजून निळं करा." गेल्या तीन चित्रपटांत हेच झालं होतं. समीक्षकांनी त्याला 'अवाझूंचा निळा' असं नाव देऊन डोक्यावर घेतलं होतं.

थिएटरातून ते तडक दिग्दर्शक तोदोरोकींच्या घरी गेले. तीस वर्षांची दोस्ती. तोदोरोकींनी चहा ओतला.

"तुला दिसत होतं ना सगळं निळं? मग बोलला का नाहीस?" अवाझूंनी विचारलं.

"काय बोलणार?" तोदोरोकी गडबडले. "वहिनी गेल्या आणि त्याच वर्षी तुझा रंग बदलला. मला वाटलं, तुला आता जगच असं दिसतंय. असल्या गोष्टी का विचारायच्या असतात?"

"अरे, मोतीबिंदू होता तो! त्यामुळे मला सगळं पिवळं, उबदार दिसत होतं."

तोदोरोकी हसायला गेले, पण मित्राचा चेहरा बघून थांबले. मग हळूच म्हणाले, "हे कुणाला सांगू नकोस. पुढच्या चित्रपटालाही निर्मात्यांना तोच निळा हवाय."

"मला नाही जमायचं. आता मला नीट दिसतं."

अवाझूंनी चहा तसाच ठेवला. तीन वर्षं सेटवरच्या चाळीस माणसांत ते एकटेच वेगळी खोली बघत होते. आणि सगळ्यांनी ते दुःख समजून, आदरानं, त्यांना एकटं सोडलं होतं.

पुढचा चित्रपट त्यांची जुनी सहायक फुकी हिनं टिपला. निळा तिला हुबेहूब साधला, असं म्हणतात. अवाझू थिएटरापर्यंत गेले, बाहेरचं पोस्टर पाहिलं आणि आत न जाताच नदीकाठानं चालत घरी परतले.