पंख महादेवीचे, पाटी शेषेरावाची

मी एक ट्रॉफी बोलतेय. ज्यांनी बोलायला पाहिजे होतं ती वयानं मोठी माणसं गप्प बसली, म्हणून मला बोलावं लागतंय.

पंख असलेली बाई, दोन्ही हात वर, पायाखाली काळ्या लाकडाचा ठोकळा. अशी मी. अंगावर सोनं नाही, सोनेरी मुलामा आहे, आत जस्त. ज्या कारखान्यात मला ओतलं तिथं माझ्यासारख्या बायका पोत्यानं पडल्या होत्या. सगळ्यांचा चेहरा एकच. आम्हाला वेगळं करते ती ठोकळ्यावरची पाटी. पाटीवर नाव बसलं की आमचा जन्म झाला. त्याआधी आम्ही नुसता माल.

माझ्या पाटीवर कोरलं होतं : ‘काजळदरी. उत्कृष्ट वेशभूषा. महादेवी नागप्पा हालगे.’

काजळदरी ही मालिका तुम्ही पाहिली असती तर मला फार सांगावं लागलं नसतं. सूर्य न उगवणारी दरी आणि तिच्यावर राज्य करणारी काळ्या पंखांची चेटकीण राणी. पहिल्या वर्षी बक्षिसांच्या सोहळ्यात या मंडळींना मागच्या रांगेत बसवलं. परीक्षक सगळे पिकलेले. त्यांच्या लेखी सासूसुनेचं रडणं म्हणजे अभिनय, आणि चेटकीण म्हणजे पोरखेळ. एकही बक्षीस नाही. पुढच्या वर्षी लोक दुसरं काही बघेनात, तेव्हा त्याच परीक्षकांना त्याच चेटकिणीत कला दिसली. सर्वोत्कृष्ट मालिका, खलनायिका, संगीत आणि वेशभूषा.

वेशभूषेचं बक्षीस घ्यायला महादेवीचे साहेब गेले. राणीचे पंख महादेवीनं केले होते. साहेबांनी देवाचे, आईवडिलांचे आणि वाहिनीचे आभार मानले. हिचं नाव घेतलं नाही. मालिकेच्या शेवटी पडद्यावरून नावं पळतात, त्यांतही ते कधी नव्हतं. तिसऱ्या वर्षी साहेब जास्त पैशाच्या मालिकेकडे गेले, वेशभूषा महादेवीच्या नावावर आली, म्हणून त्या वर्षीचं बक्षीस, म्हणजे मी, तिच्या हातात आले. तिनं आधी माझं तोंड पाहिलं नाही. पाटीवरून बोट फिरवलं.

मला टॉवेलात गुंडाळून ती उदगीरला घेऊन आली. तिच्या वडिलांचं, नागप्पांचं, तिथं कापडाचं दुकान. पोरगी दुसऱ्या वर्षाला कॉलेज सोडून मुंबईला गेली तेव्हा भावकी म्हणाली होती की नागप्पाची लेक शिलाई मारायला पळाली. म्हणून मला घरातच ठेवायचं तिनं ठरवलं. “अप्पा, नाव वाचा,” एवढंच ती म्हणाली. अप्पांनी चष्मा लावून वाचलं, “बरं हाय,” म्हणाले आणि मला शोकेसमध्ये स्टीलच्या पेल्यांशेजारी उभं केलं.

अप्पांचे थोरले भाऊ गुरुपादप्पा. लातूरपासून उदगीर वेगळा जिल्हा व्हावा म्हणून त्यांनी एक मंडळ काढलंय आणि पहिल्या दिवसापासून अध्यक्ष तेच आहेत. त्यांनी महादेवीचा सत्कार ठेवला. शाल, श्रीफळ, फेटा अप्पांना. महादेवीला गुलाबाचं एक फूल. भाषणात उदगीर जिल्हा का व्हावा, कचेरी कुठं असावी, रेल्वे किती जुनी, सगळं आलं. महादेवीबद्दल एक वाक्य आलं : आमच्या लेकीनं, जिल्हा व्हायच्या आधीच जिल्ह्याचं नाव काढलं. तिचं नाव घ्यायचं राहूनच गेलं. फेटा बांधलेले अप्पा समोर बघत बसले होते.

मग तो दुष्काळ आला. लातूरला आगगाडीनं पाणी आलं ते वर्ष. उदगीरात नळ म्हणजे भिंतीतलं लोखंड झालं. टँकरवाला दिसला की माणसं नमस्कार करायला लागली. मंडळानं ठरवलं, टँकरवाल्यांना ‘जलदूत’ म्हणून गौरवायचं. कळकळ होतीच, नाही म्हणत नाही. पण गुरुपादप्पांच्या वाड्यातला हौद गल्लीच्या आधी भरायचा, हेही खरं.

आता इथली एक रीत सांगते. सत्कार रोजचे, स्मृतिचिन्हं मोजकी. मग ती फिरतात. ज्याला मिळालं तो कपाटात टाकतो, पुढच्या वेळी मंडळ मागून नेतं, जुनी पाटी काढतं, नवी बसवतं. कुणाला वाईट वाटत नाही, कारण कुणी ते कमावलेलं नसतंच. गुरुपादप्पांनी जन्मभर अशीच बक्षिसं दिली-घेतली. मी त्यांतलीच एक, असं त्यांना वाटलं. आयत्या वेळी एक टँकरवाला वाढला, आणि ते दुपारी घरी आले.

“नागप्पा, ती बाहुली दे. एक कमी पडून राहिलीय.”

“पोरीची हाय ती.”

“मग? कुणी खातंय का तिला? लातूरहून दुसरी आणून देतो, हिच्यापेक्षा थोर.”

अप्पांनी शोकेस उघडली. थोरल्या भावापुढं बोलायचं नाही, याला इथं संस्कार म्हणतात. मी त्याला भेकडपणा म्हणते. गुरुपादप्पांनी घरातल्याच पेचकसानं माझी पाटी काढली आणि सदऱ्याच्या खिशात टाकली. ती पुन्हा कुणाला दिसली नाही. संध्याकाळी मी ‘जलदूत शेषेराव’ झाले.

शेषेराव गावाबाहेरच्या मळ्यातला. त्याच्या बोअरला तेवढं पाणी टिकलं होतं. पाणी विकायचा, पण दवाखान्याला आणि शाळेला फुकट द्यायचा. त्याला आयुष्यात पहिल्यांदा कुणी काही दिलं होतं. त्याची आई केवळाबाई मला रोज पदरानं पुसायची. मी तिथं दुःखी होते असं सांगितलं तर खोटं होईल. पुसणारं माणूस चांगलं होतं. फक्त ती मला ज्या नावानं पुसत होती ते माझं नव्हतं.

केवळाबाई काजळदरीची पक्की भक्त. चौथ्या वर्षाचा सोहळा टीव्हीवर लागला. मालिका तोवर विटली होती, परीक्षकांनी पाठ फिरवली होती; फोनवरच्या मतांवर एकच बक्षीस मिळालं, राणीला. राणीनं ते उंच धरलं आणि केवळाबाई उठून टीव्हीजवळ गेली.

“शेषा, ही तर आपली बाहुली. सरकारनं तुला राणीचंच बक्षीस दिलं की रं.”

दुसऱ्या दिवसापासून बायका मला बघायला येऊ लागल्या.

मालिका बंद झाली तेव्हा महादेवी घरी आली. शोकेसमधली माझी जागा रिकामी. अप्पा म्हणाले, पॉलिशला दिलीय. पाण्याच्या रांगेत शेजारच्या नीलाबाईनं तिला मळ्यातल्या बाहुलीची गोष्ट सांगितली, हसत हसत. महादेवी घागर तिथंच ठेवून चुलत्याकडे गेली.

गुरुपादप्पा चिडले नाहीत. समजावणीच्या सुरात बोलले, ते जास्त वाईट. “पोरी, दुष्काळात टँकरवाल्याशी वाकडं घेऊ नको. उद्या त्यानं पाणी तोडलं तर काय तुझं नाव पिऊन जगावं आम्ही?”

“काका, तुमच्या हौदाचं तुटंल. गल्लीला तसंबी उरलेलंच येतंय.”

अप्पा दाराशी उभे होते. पोरगी मळ्याकडे निघाली तसे मागं मागं चालू लागले. 

केवळाबाईनं दोघांना तांब्याभर पाणी दिलं. महादेवीनं ते बाजूला ठेवलं आणि जे होतं ते सांगितलं. शेषेरावानं मला उचलून हातात घेतलं.

“म्हंजे मला उष्टं बक्षीस दिलं.”

“दादा, तुमचं काम खोटं न्हाई. पाटी तुमचीच हाय. बाहुली तेवढी माझी.”

“पंख तू केलेस?” केवळाबाईनं विचारलं. “राणीचे? ते मिटतात कसे गं?”

महादेवीनं इकडंतिकडं पाहिलं. खुंटीला छत्री होती, दोन पावसाळे न उघडलेली, धुळीनं भरलेली. तिनं ती काढली, पाठीमागं धरली आणि दांड्यावरच्या खटक्यावर अंगठा ठेवून हळूच उघडली. छत्रीच्याच काड्या, त्यावर जाळीचं कापड, बाकी सगळा खांद्याचा खेळ, असं ती सांगत होती. केवळाबाई तोंडावर हात ठेवून बघत होती. अप्पाही बघत होते. लेक काय काम करते ते त्यांनी पहिल्यांदा पाहिलं.

शेषेरावानं स्वतः पेच काढले. पाटी खिशात ठेवली, मला महादेवीच्या हातात दिलं. पाण्याचं काय, हे अप्पांनी चाचरत विचारलं.

“पाण्याचं हिच्याशी काय काम? उद्या टँकर येतोय. पण आधी गल्लीत. तुमच्या भावाला सांगा, हौदाला उरलं तर.”

ज्या भीतीचं नाव पुढं करून मला तिथंच ठेवायचं होतं ती भीती एवढीच होती.

मुंबईच्या बसमध्ये मला महादेवीच्या मांडीवर बघून कंडक्टरनं विचारलं, देवी कुठली म्हणायची ही? अप्पा पोरीला बसवून द्यायला चढले होते, उतरायच्या घाईत होते. ते थांबले.

“देवी न्हाई. बक्षीस हाय. काजळदरीतल्या राणीचे पंख केले त्याचं. केले हिनं. महादेवी नागप्पा हालगे, माझी लेक.”

अख्खी बस वळून बघू लागली. महादेवीनं माझ्या रिकाम्या ठोकळ्यावरून बोट फिरवलं.

आता मी मुंबईत तिच्या कामाच्या टेबलावर आहे. ठोकळ्यावर पाटी नाही, चार भोकं आहेत. सोहळ्याचे लोक म्हणतात, दुसरी पाटी देत नाही. गुरुपादप्पा म्हणतात, मंडळाच्या खर्चानं करून देतो, खाली मंडळाचं नाव टाकू. तिनं नको म्हटलं. नागप्पा एकदा बोलले म्हणून मी त्यांना माफ करणार नाही. फार उशिरा बोलले. पण बोलले.

तुम्ही वडीलधारी माणसं सत्कार करता, खुशाल करा. शाल बापाला घाला, नारळ काकाला द्या. पण ज्या पोरीनं काम केलंय तिचं नाव घ्या, पुरं घ्या, आणि ती समोर उभी असताना घ्या. मला तोंड असून चारचौघांत बोलता येत नाही. तुम्हाला येतं.