उसंतवार

वच्छलाबाईनं मांडीवरचा कापूस बाजूला सारला, पदरानं तोंडावरचं तूस पुसलं आणि ती उभी राहिली. रंगराव जमादार ओट्याच्या पायरीशी येऊन थांबला होता. सोमवारची सकाळ होती. जिनिंग कारखान्याच्या फाटकाबाहेर कापसाच्या गाड्यांची रांग पार जळगाव जामोदच्या वेशीपर्यंत गेली होती, कारण आदल्या दिवशी एकही गाडी रिकामी झाली नव्हती.

"काल एकही बाई कामावर काऊन नाही आली?" रंगरावनं विचारलं.

टोकाला बसलेली पुष्पाबाई बोंडातला पाचोळा काढता काढता म्हणाली,

"काल उसंतवार होता, जमादार."

"कोन्त्या पंचांगात?"

"वच्छलाबाईच्या."

"आन् आज कोन्ता वार हाय मंग?"

"आज आमचा रविवार."

कुणीतरी पदराआड हसलं. रंगराव हसला नाही.

"वच्छलाबाई, तुमाले मॅनेजरनं बलावलं," एवढं बोलून तो पुढं चालू लागला.

कापूस सरकी काढणाऱ्या रेच्यांवर जाण्याआधी त्यातली डागी, किडकी बोंडं निवडायचं काम बाया या ओट्यावर बसून करत. दिवाळीनंतर जिन सुरू झालं की होळीपर्यंत भोंगा एक दिवस चुकत नसे. हात चालते राहावेत आणि डोळा लागू नये म्हणून वच्छलाबाई गोष्टी सांगे. यंदा तिनं सातपुड्यापल्याडचा एक मुलूख मनानंच वसवला होता. तिथलं वर्ष पाडव्याला लागत नसे. गावातली पहिली लेक माहेरी आली की लागे, म्हणून दर गावाचं वर्ष वेगळं. महिने दहाच, तेही सारखे नाहीत. उन्हाचा अगदी आखूड, कारण तिथल्या राणीला ऊन सोसत नसे. चांदण्याचा लांबच लांब. आणि शनिवार संपला की रविवार लागण्याआधी एक जास्तीचा वार, उसंतवार. त्या दिवशी बाईला कुणी कामासाठी हाक मारायची नाही, आणि मारलीच तर तिनं ओ द्यायची नाही.

बायांनी तो वार गमतीनं उचलला होता. पट्टा तुटून रेचे थांबले की कुणी म्हणे, "लागला वं उसंतवार." मग मागच्या आठवड्यात नूरजहां बसल्या जागी कलंडली. ती तान्हं पोर झोळीत टाकून कामाला येई आणि कुणाशी फारशी बोलत नसे. तोंडावर पाणी मारून तिला पुन्हा कामाला बसवलं गेलं. शनिवारी फाटकातून निघताना तिनं वच्छलाबाईला विचारलं,

"उद्या उसंतवार हाय ना, बाई?"

वच्छलाबाई "हाव" म्हणाली. लेकराची समजूत काढावी, तसं. पण मागून येणाऱ्या साऱ्या बायांनी ते ऐकलं.

रविवारी भोंगा झाला तेव्हा ती स्वतः मात्र भाकर बांधून निघाली होती. वाटेत एकही बाई दिसेना. वळणावरून तिनं पाहिलं, तर उघड्या फाटकात रंगराव एकटाच उभा. आपण वसवलेल्या मुलखात बाकी साऱ्या जणी राहायला गेल्या आणि आपण तेवढ्या मागं राहिलो, हे उमगून तिचा चेहरा तापला. ती तशीच माघारी फिरली. घरी सासूशेजारी आडवी झाली आणि दिवस बुडेपर्यंत झोपली.

आता, सोमवारी, कचेरीत भगवानराव मॅनेजर टेबलामागे बसले होते. त्यांनी भिंतीवरच्या छापील कॅलेंडरकडे बोट केलं.

"यात तुझा वार दाखव."

"मले वाचता येत नाही, साहेब."

"येत असतं तरी सापडला नसता. नाहीच तो."

"तुमी लिवला नाही, म्हनून नाही."

भगवानरावांनी हातातला टाक खाली ठेवला. ते ओरडणारे गृहस्थ नव्हते. त्यांनी अट घातली: ओट्यावर जाऊन साऱ्यांसमोर सांगायचं, की ही गोष्ट खोटी, असा वार कुठंच नाही. मग कालचं विसरून जाऊ. नाही तर होळीपर्यंत या फाटकात पाय ठेवायचा नाही. मग त्यांनी मऊ आवाजात विचारलं,

"घरी सासू म्हातारी आहे ना तुझी?"

"हाव, हाय," वच्छलाबाई म्हणाली.

तिला ओट्यावर आणलं. मागं भगवानराव, त्यांच्या मागं रंगराव. वच्छलाबाईनं खांब धरला.

"बायाहो, साहेब म्हनते ते खरं हाय. पल्याड असा मुलूख नाही. रानी नाही. मी बसल्या बसल्या रचलं ते."

भगवानरावांनी मान डोलावली. "आणि वार?"

"मुलूख खोटा हाय," वच्छलाबाई म्हणाली. "पन काल मी दिवस बुडेपर्यंत झोपली. माही सासू म्हने, लगन झाल्यापासून तुले दिवसा निजलेली पाह्यली नाही. तुमी भी झोपल्या असान. तो दिवस खोटा होता, असं मले म्हनता येत नाही."

"नीट विचार कर."

"केला, साहेब."

पुष्पाबाईनं हातातलं बोंड खाली ठेवलं आणि दोन्ही हात मांडीवर घेतले. तिच्या शेजारणीनंही ठेवलं. बघता बघता सारा ओटा थांबला. बाहेर एक गाडीवान माप कधी होणार म्हणून ओरडत होता. भगवानरावांनी फाटकाकडे पाहिलं, ओट्याकडे पाहिलं.

"हिला बसू दे," ते रंगरावला म्हणाले. "पण आजपासून वच्छलाबाईनं इथं गोष्ट सांगायची नाही. तोंड उघडलं की बाहेर."

त्यानंतर ओटा मुका झाला. चुरगाळलेल्या पाचोळ्याचा तेवढा आवाज येई. रंगराव स्टूल टाकून समोरच बसे. वच्छलाबाई ओठ मिटून बोंडं निवडायची. आपण काही जिंकलो नाही, नुसत्या कामावर राहिलो, असं तिला वाटे.

एका दुपारी झोळीला झोका देता देता कुणीतरी बोललं,

"त्या मुलखात एक नदी होती."

रंगराव उठून उभा राहिला. "कोन बोल्लं?"

"मी," नूरजहां म्हणाली. तिनं त्याच्यावरची नजर हटवली नाही. "मी नूरजहां. मी वच्छलाबाई नाही."

रंगरावनं कचेरीच्या दाराकडे पाहिलं. हुकूम एकीच्या नावाचा होता. तो पुन्हा स्टुलावर बसला.

नूरजहां अडखळत सांगत राहिली. नदीची गोष्ट मधेच सुटून गेली, राणीचं नाव तिला आठवेना, ते तिनं नवंच ठेवलं.

"तिथं हप्त्यात दोन उसंतवार राह्यते," ती म्हणाली.

वच्छलाबाईचा हात थांबला.

"दोन?" पुष्पाबाईनं विचारलं.

"हाव, दोन. एक तर निरा झोपन्यातच जाते."

वच्छलाबाईनं मान खाली घातली, पुढचं बोंड उचललं आणि दुसऱ्या उसंतवारी तिथल्या बाया काय करतात, ते ती ऐकू लागली.