माचाचा उतारा

आदिनाथनं हिरव्या भुकटीचा डबा उघडला तेव्हा केवळाबाईंनी नाकाला पदर लावला, आणि लुंबिनीनं थेट नाक डब्यात घातलं. ह्या दोघींचा स्वभाव सांगायला एवढं पुरे.

"कडब्याची कुट्टी हाय ही," केवळाबाई म्हणाल्या. नांदेडात भाग्यनगर रोडवरच्या ह्या कॅफेत त्या भांडी घासायच्या. माहेरी दावणीला गुरं होती, त्यामुळं कुट्टीच्या बाबतीत त्यांचा शब्द शेवटचा.

"माचा आहे मावशी. जपानचा चहा," आदिनाथ म्हणाला. कॅफे त्याचाच. गडी अहमदपूरचा, पुण्यात हॉटेलचं शिकून आलेला, आणि पुण्यात जे जे पाहिलं ते ते नांदेडात चाललंच पाहिजे असा हट्ट धरून बसलेला. "एकतीस तारखेला हॅलोविन आहे, गोऱ्यांचा भुताखेतांचा सण. कोचिंगची पोरं येतील. मधोमध एक मोठा हिरवा केक पाहिजे, आणि बघितल्याबरोबर भीती वाटली पाहिजे."

"करणार कोण?" केवळाबाईंनी विचारलं. प्रश्न बरोबर होता. केक करणारा माणूस दिवाळीच्या आधीच हैदराबादला निघून गेला होता.

"मी करते," लुंबिनी म्हणाली.

ती दोन वर्षं तिथं पार्सलचे डबे बांधत होती. डबे बांधता बांधता तिनं त्या माणसाचा हात पाहून घेतला होता. अंडी किती फेटतो, मैदा कधी घालतो, भट्टीत काय बघून ट्रे काढतो. त्याला "असं कामून? तसं कामून?" विचारून तिनं इतकं पिडलं होतं, की तो हैदराबादला तिच्यामुळंच पळाला असं केवळाबाई म्हणायच्या.

आदिनाथनं थोडा विचार केला. "कर. त्या संध्याकाळी सगळा केक लोकांनी खाल्ला, तर भट्टी तुझी. उरला, तर मी दुसरा माणूस बोलावतो आणि तू आपली डबे बांध. कबूल?"

"कबूल," लुंबिनी म्हणाली.

पहिला केक भट्टीतून निघाला तो शेवाळी, वर करपट तपकिरी. ही जपानी बाई लई नाजूक, तिला आच सोसत नाही, हे तेव्हा कळलं. दुसऱ्यांदा तिनं भुकटी वस्त्रगाळ केली, आच कमी ठेवली, वरून कागद झाकला. सुरी घातली तर आतून कोवळ्या हरभऱ्यासारखा हिरवागार. चवीला आधी गोड, मग कडू, मग ते कडूपण जिभेवर बसून राहायचं. "अजून एक तुकडा खाऊन बघावं वाटायलंय, आवडला म्हणून न्हाई, नेमका कसा हाय ते कळंना म्हणून," ती म्हणाली. केवळाबाईंनी कपाळाला हात लावला.

केक जमला. भीती काही जमेना. आदिनाथनं मोबाइलमध्ये दाखवली तशी क्रीमची पांढरी भुतं तिनं करून पाहिली, तर ती डोळे लावलेल्या पेढ्यांसारखी दिसायला लागली. भोपळ्याचं तोंड केलं, तर क्लासला निघालेल्या दोन पोरी काचेतून बघून "अय्या, किती क्यूट" म्हणून गेल्या. आता क्यूटला कोण भितंय?

मग तिला दिवाळीची अमावास्या आठवली. लेबर कॉलनीच्या चौकात कुणीतरी उतारा टाकला होता. आजारी माणसावरून ओवाळून रस्त्यात ठेवतात तो. तिच्या घरात असलं काही नव्हतंच. आजोबांच्या लहानपणी घरानं बौद्ध धम्माची दीक्षा घेतली तेव्हापासून असल्या गोष्टींना उंबऱ्याच्या आत थारा नव्हता. ती त्या उताऱ्याच्या शेजारून भाजीची पिशवी घेऊन निघून गेली होती. पण बाकीचे लोक काय करतात ते बघत मात्र कोपऱ्यावर पंधरा मिनिटं उभी राहिली होती. भरधाव ऑटोवाल्यानं गचकन हँडल वळवलं. सुटाबुटातल्या एका साहेबानं मोबाइलवर बोलता बोलता लांबून वळसा घातला. एका बाईनं तर लेकराचे डोळेच झाकले. एवढंसं लिंबू आणि मूठभर भात, आणि अख्खा चौक त्याला वाट करून देत होता!

"मावशी," दुसऱ्या दिवशी तिनं विचारलं, "उताऱ्यात काय काय असतं?"

केवळाबाईंच्या हातातलं पातेलं थांबलं. "तुला कामून पाहिजे गं?"

"केक करायचाय."

त्यांनी आधी तिला मनसोक्त शिव्या घातल्या. मग, माहिती आहे ते सांगितल्याशिवाय राहवत नाही म्हणून, सगळं सांगितलं. पत्रावळ. गुलाल टाकलेला भात. कापून कुंकू भरलेलं लिंबू. नारळ. बिब्बे. कणकेचा दिवा. सुई टोचलेली काळी बाहुली. लुंबिनी विचारत गेली, बाहुली उताणी की पालथी, दिव्याची वात कुणीकडं, आणि लिहून घेत गेली.

एकतीस तारखेला दुपारी केक तयार झाला. हिरवा केक पत्रावळीवर, वरून खोबऱ्याच्या किसाचा भात, त्याला बिटाचा गुलाल. लिंबाच्या फोडी पांढऱ्या चॉकलेटच्या, आत स्ट्रॉबेरीचं कुंकू. नारळ बाहेरून काळ्या चॉकलेटचा, आतून पांढऱ्या. बिब्बे, बाहुली, सुई, सगळं खायचं. दिवा काजूच्या पिठाचा, त्यात तुपाची वात. तिनं वात पेटवली, दोन पावलं मागं सरली आणि स्वतःच "बापरे" म्हणाली. केवळाबाईंनी तर ताट उचलायलाच नकार दिला. तिनं ते एकटीनं बाहेर नेलं.

पाचला पोरं यायला लागली. तोंडाला पांढरं फासलेली, सुळे लावलेली, काळ्या ओढण्या गुंडाळलेली. हसत-खिदळत आत शिरायची आणि केकसमोर आली की गप्प व्हायची. एक लांब दातांचा राक्षस तर चक्क "आईगं" म्हणून मागच्या पोरीच्या अंगावर पडला. आदिनाथनं लांबूनच लुंबिनीला अंगठा दाखवला. तिला आभाळ ठेंगणं झालं.

फोटो निघाले, सेल्फी निघाले, व्हिडिओ निघाले. पण फोटो काढणाराही हात लांब करून काढत होता. तिनं सुरी हातात घेऊन विचारलं, "कुणाला देऊ?" तर सगळे एकमेकांकडं बघायला लागले.

"मला नको ताई, परवा टेस्ट आहे," उज्वला नावाची उदगीरची पोरगी म्हणाली. डॉक्टर व्हायला नांदेडला आलेली ती, अंगात डॉक्टरचा पांढरा कोट आणि त्यावर खोटं रक्त.

"टेस्टचा काय संबंध?"

"काही नाही. पण उगंच कशाला?"

सगळ्यांचं तेच. माझा काही विश्वास नाही, पण उगंच कशाला. अर्धा तास गेला. पोरं सामोसे खात होती, कॉफी पीत होती, आणि केकभोवती हातभर जागा मोकळी सोडून फिरत होती. आली का पंचाईत! भीती वाटली पाहिजे हे तिनं ऐकलं होतं, खाल्ला पाहिजे हेही ऐकलं होतं. दोन्ही एका ताटात कसं बसायचं हे विचारायचं तेवढं राहिलं होतं. एरवी जगाला हजार प्रश्न विचारणारी पोरगी, आणि नेमका हाच प्रश्न सुचला नाही. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच.

"सर, तुम्ही तरी घ्या," ती आदिनाथला म्हणाली. "तुम्ही खाल्लं की सगळे खातील."

आदिनाथनं मान खाजवली. "माझं काही नाही गं. पण घरी आईला बरं नाहीये." मग खालच्या आवाजात म्हणाला, "बघू थोडा वेळ. नाहीच खपला तर... आपलं ठरलंय."

स्वतःच एक तुकडा तोंडात टाकावा असं तिच्या मनात आलं, पण करणारीनंच खाल्ला तर त्याला कोण विचारतंय?

तेवढ्यात दार ढकलून तिचे आजोबा आत आले. रामकिशनआबा, वय अठ्ठ्याहत्तर, रेल्वेतून रिटायर झालेले. नातीचा पहिला केक बघायला म्हणून धुतलेला सदरा घालून सिटी बसनं आले होते. सुळेवाल्या पोरांमधून वाट काढत ते ताटापाशी आले आणि थांबले.

"कुणाचा उतारा हाय ह्यो?"

"उतारा न्हाई आबा, केक हाय. मी केलाय."

त्यांनी चष्मा वर-खाली करून नीट बघितलं. "बिब्बा कशाचा?"

"चॉकलेटचा."

"अन् नारळ?"

"त्योबी."

"नारळ आमी आदी उचलायचो," आबा म्हणाले.

"उचलायचो म्हंजे?" लुंबिनीनं विचारलं. तिला हे कधीच कुणी सांगितलं नव्हतं.

आबा खुर्ची ओढून बसले. पोरं आपोआप जवळ सरकली. "अमावास्येला गावातले लोक शिवेवर उतारे टाकायचे. आमचं घर शिवेलाच. घरात खायला नसायचं. मी आन् आमची आक्का, पारू, झाडाआड बसून ऱ्हायचो. लोक गेले की पळत जायचो. नारळ, भात, कदी अंडं. नारळाची चव मला कळली ती तितनंच."

"आणि भीती?" उज्वलानं विचारलं.

"लोक म्हणायचे, त्यातलं खाल्लं की रक्त ओकून मरतो. म्हणून आक्का मला खाऊ द्यायची न्हाई. आदी ती खायची. मंग आमी दोगं बसून ऱ्हायचो, ती मरती का बघत. मेली न्हाई की मला द्यायची. मी असंन चार-पाच वर्साचा, ती नऊ-धाची."

लुंबिनीला एकदम आपल्या केकची लाज वाटली. आपण ज्याचा खेळ मांडला ते आबांचं जेवण होतं.

"दीक्षा झाल्यावर बापानं सांगितलं, आता कुणाच्या उताऱ्याला हात लावायचा न्हाई. भ्या म्हणून न्हाई, लोकांनी टाकलेलं आपुन खायचं न्हाई म्हणून. सत्तर वर्सं झाली, लावला न्हाई." आबांनी नातीकडं बघितलं. "पर ह्यो कुणी टाकलेला न्हाई. माज्या नातीनं केलाय. काप."

तिनं नारळासकट मोठा तुकडा कापला. आबांनी खाल्ला, तोंड वाकडं केलं, पुन्हा एक घास घेतला. "कडू हाय गं. पर चांगला हाय." आणि सगळी पोरं त्यांच्याकडं टक लावून बघत राहिली. सुळे, शिंगं, खोटं रक्त, आणि सगळ्यांचे डोळे एका म्हाताऱ्याच्या तोंडाकडं.

"आजोबा," उज्वला हळूच म्हणाली, "तुमची आक्का आता..."

"हाय की! देवणीला असती." आबांनी खिशातून बटणांचा फोन काढला. कानाला कमी ऐकू यायचं, म्हणून ते नेहमी स्पीकरवरच बोलायचे. "आक्का, मी रामकिशन. लुंबिनीच्या दुकानात हाय. लई लेकरं जमलीत हितं. तिनं उताऱ्यावानी मिठाई केली. खाल्ली."

पलीकडून खरखरीतून आवाज आला, "आदी कुणी खाल्ली?"

"मीच."

"तू कामून?" म्हातारीचा आवाज असा चढला की काउंटरमागं आदिनाथही सरळ झाला. "मी मेले का? देवणी काय लंडनला हाय का? मला बलवायचं व्हतं! आदी मी खायचं, मंग तू. किती येळा सांगायचं तुला?"

आबा खुर्चीतून उठून उभे राहिले. अठ्ठ्याहत्तर वर्षांचा माणूस, फोन दोन्ही हातांत धरून मान खाली घालून म्हणाला, "चुकलं, आक्का."

"पोटात दुखायलंय का?"

"न्हाई."

"डोळ्यापुढं अंधारी?"

"न्हाई गं. बरं हाय."

लुंबिनी फोनजवळ वाकली. "पारूआजी, मी लुंबिनी. तुला तवा भ्या नव्हतं वाटत?"

"लई वाटायचं, माय," पारूबाई म्हणाल्या. आवाज एकदम मऊ झाला होता. "दर टायमाला वाटायचं, आता मरते. रडू यायचं. पर ह्यो उपाशी ऱ्हायचा ना." मग त्यांनी घसा साफ केला. "किती येळ झाला त्याला खाऊन?"

लुंबिनीनं डोळे पुसले आणि भिंतीवरच्या घड्याळाकडं बघितलं. "धा मिनिटं झाली, आजी."

"झाली ना? मंग दे आता लेकरांना."

सगळ्यात आधी उज्वलानं हात पुढं केला. मग राक्षसानं सुळे काढून खिशात ठेवले आणि ओंजळ धरली. बिब्बा कुणाचा, बाहुली कुणाची यावरून भांडणं सुरू झाली, आणि त्या गर्दीत कोपरानं वाट काढत आदिनाथ पुढं आला. "लिंबू मला ठेव," तो म्हणाला, "आणि एक तुकडा आईसाठी बांधून दे."

"डबा तुम्ही बांधा सर," लुंबिनी म्हणाली, "मी कापायलीय."