तीन फ्रेमची वायर

रीळ पार कुजलेलं होतं. डबा उघडला की आंबट वासाने डोळे चुरचुरायचे. स्कॅनरमधून ते कसंबसं एकदा गेलं आणि तुकडे होऊनच बाहेर आलं. सव्वीस वर्षांपूर्वीचा, उडणाऱ्या हिरोचा सिनेमा. सिनेमा काढणाऱ्या कंपनीने कापूनछाटून लावला होता तो नव्हे, दिग्दर्शकाने स्वतःच्या मनासारखा जोडून कपाटात दडवलेला. आता घरी बघायला त्याची डिस्क निघणार होती. उडायचं त्याने आणि झाडू मारायचा आपण, असं जुनी रिळं साफ करणाऱ्या त्या ऑफिसातले म्हणत. झाडू तिच्या हातात होता. धूळ, ओरखडे, हिरोला टांगलेल्या वायरी, सगळं पुसायचं.

एरवी ती एकेक फ्रेम डोळ्यांत तेल घालून बघे. पण त्या मंगळवारी पाळणाघरातून फोन आला, लेकीला ताप भरलाय. शेवटची वीस मिनिटं तिने सॉफ्टवेअरच्या हवाली केली. कॉम्प्युटरमध्ये जागा उरली नव्हती, म्हणून साफ झालेलं मूळ स्कॅनवरच उतरू दिलं; मूळ स्कॅन उरला नाही. असं कधी करू नये, हे नव्यांना तीच शिकवायची. ताप काय, दुसऱ्या दिवशी उतरलासुद्धा.

आज दिग्दर्शक बघायला आले होते. सगळे त्यांना काका म्हणत. गच्चीवरून उडी मारायचा शॉट आला तसे ते खुर्चीत पुढे सरकले. हिरोच्या कपड्यांतला माणूस खाली गेला. मागे निळं, कोरं आकाश.

त्यांनी तो पुन्हा लावायला सांगितला. तिसऱ्यांदा बघून झाल्यावर विचारलं, "वायर कुठे गेली?"

"पुसली, काका. सगळ्याच पुसतो."

मग त्यांनी सांगितलं. हिरोऐवजी उडी मारणारा तो डमी म्हणजे त्यांचा पाठचा भाऊ. वायर अडकवायलाच विसरला, आपल्या चुकीने गेला, असं कंपनीने सांगितलं. आई तेच उराशी धरून गेली. पण वायर अडकवलेली होती. ती तुटली, आणि तुटून वर उसळताना तीन फ्रेम दिसत होती. कंपनीने तेवढ्यासाठी शॉट कापला होता, काकांनी तेवढ्यासाठी अख्खा सिनेमा जपला होता. कंपनीवाल्यांना सुगावा लागला तर डिस्क निघू द्यायचे नाहीत, म्हणून त्यांनी ब्र काढला नव्हता. तिच्यापाशीही नाही.

वायर परत रंगवता येईल, ती म्हणाली, अगदी हुबेहूब.

"रंगवलेली? मग कंपनीचंच खरं ठरेल." त्यांनी खुर्ची तिच्याकडे वळवली. "पुसायच्या आधी तू तरी पाहिली होतीस ना?"

हो म्हणायला काय लागत होतं. म्हातारपणी तेवढाच आधार.

"नाही, काका. मी बघितलंच नाही. मुलगी तापली होती."

"आता बरी आहे?"

तिने मान डोलावली.

"मग तो शॉट काढून टाक," ते म्हणाले. "नुसता पडताना दाखवायला नव्हतं त्याला जपलं."

कंपनीने सव्वीस वर्षांपूर्वी जिथे कात्री लावली होती, बरोबर तिथेच तिने कापलं.