तडजोड कुणी केली?

मित्रांनो, मी एक जुनी उभारी आहे. बैलगाडीतला माल पडू नये म्हणून कडेला जे दांडे उभे खोचतात, त्यांतली एक. आज माझ्या अंगावर लाखेची मोहर आहे आणि मी पोलीस ठाण्याच्या कोठीत पडून आहे. इथे मला उभारी म्हणत नाहीत, मुद्देमाल म्हणतात.

वडनेर भोलजीच्या एका सुताराने मला बाभळीच्या लाकडातून तासलं, तेल पाजलं, आणि मी उत्तमरावांच्या गाडीवर लागले. कापसाच्या दिवसांत गाडी घराएवढी भरायची. चाक खड्ड्यात गेलं तरी मी बोंडभर कापूस सांडू दिला नाही. "हे उभारी लोखंडाले भारी हाय," असं उत्तमराव चारचौघांत सांगत. मग ट्रॅक्टर आला. गाडी मोडीत निघाली आणि मला ट्रॉलीत टाकून दिलं.

उत्तमरावांच्या शेताला लागून कोकिळाबाई आणि त्यांचे पती भागवत यांचं थोडंसं रान होतं. त्यात मेथी, कोथिंबीर, वांगी. वाफ्यांना पाणी मात्र उत्तमरावांच्या विहिरीचं. उत्तमरावांचा मुलगा गजेंद्र जवळची वाट म्हणून त्या वाफ्यांतूनच ट्रॅक्टर नेऊ लागला. कोकिळाबाईंनी सांगून पाहिलं, विनवून पाहिलं. शेवटी एका सकाळी त्या ट्रॅक्टरपुढे उभ्या राहिल्या. गजेंद्र खाली उतरला, त्याने ट्रॉलीतून मला उचललं आणि त्यांच्यावर हाणलं. डोकं वाचवायला त्यांनी उजवा हात वर केला. हाड मोडलं. तो आवाज मी ऐकला आहे. भागवत बांधावर उभे होते, त्यांनी सगळं पाहिलं.

खटला उभा राहिला. हात जुळला, पण वाकडा. साक्षीच्या दिवशी हवालदाराने मला न्यायालयात नेलं. तिथे कळलं की साक्ष होणारच नाही. गावात मारुतीच्या पारावर बैठक झाली होती. गजेंद्रने भागवतांची गळाभेट घेतली, चहा झाला. विहिरीचं पाणी चालू राहील, असं उत्तमरावांनी भागवतांना सांगितलं आणि त्यांनी मान हलवली. कोकिळाबाईंना कुणी बोलावलंच नव्हतं. अशा गुन्ह्यात जखमी माणूस राजी असेल आणि न्यायालयाने परवानगी दिली, तर खटला तिथेच संपतो. मग मला मालकाला परत करायचं, अशीही विनंती होती. परत त्याच ट्रॉलीत, त्याच हातात! मित्रांनो, माझ्या गाठी संतापाने तडकल्या असत्या.

न्यायाधीश मॅडमनी कोकिळाबाईंना विचारलं, "ही तडजोड तुम्ही स्वखुशीने करत आहात ना?"

कोकिळाबाईंनी भागवतांकडे पाहिलं. मग म्हणाल्या, "मॅडम, मले सांगतलं, फक्त हो म्हनजो. इचारलं कोनी नाही. पानी ह्यायले भेटलं अन् हात माहा गेला."

"काऊन वाढवून राह्यली?" भागवत खालच्या आवाजात म्हणाले. "शेजार हाय."

"तुमचा हात मोडला असता, तं म्या तुमच्या जागी मान हालवली असती का?"

जिला मार लागला तीच राजी नाही, तर तडजोड होऊच शकत नाही, असं मॅडमनी सांगितलं आणि खटला पुढे चालू ठेवला.

त्याची किंमत कोकिळाबाईंनी मोजली. पाणी लगेच तुटलं, वांगी उभ्या जागी वाळली. वाकड्या हाताने त्या दुसऱ्यांच्या शेतात तण निंदायला जाऊ लागल्या. गाव त्यांनाच हेकट म्हणू लागलं. ठाण्यातल्या बोलण्यातून हे सारं माझ्या कानावर येई. मला चीड येते ती याची, की समजावायला जो तो कोकिळाबाईंकडेच गेला. गजेंद्रकडे कुणीच गेलं नाही.

पुढच्या तारखेला भागवतांची साक्ष होती. बाई बांधावरून घसरून पडली, एवढं सांगा म्हणजे पाणी पुन्हा सुरू होईल, असं त्यांना पढवलं होतं. ते पिंजऱ्यात उभे राहिले. हवालदाराने मला त्यांच्यापुढे धरलं. पण त्यांची नजर कोकिळाबाईंच्या हातावरच होती.

"ह्याच उभारीनं मारलं," ते म्हणाले. "म्या पाह्यलं. पान्यापायी गप होतो."

गजेंद्रला शिक्षा झाली. अपिलाची मुदत संपली की मला जाळून टाकायचं, असा हुकूम झाला.

मित्रांनो, भांडणं मिटावीत, शेजार टिकावा, असं मलाही वाटतं. पण मिटवायला बसाल तेव्हा ज्याच्या अंगावर वळ आहे, त्याला आधी जवळ बसवा. तो काय म्हणतो ते ऐका. त्याने मनापासून हो म्हटलं, तरच ते मिटलं. त्याला डावलून पारावर चहा पिणं म्हणजे त्याला दुसऱ्यांदा मारणंच आहे.

निकालाच्या दिवशी बाहेर जाताना कोकिळाबाई माझ्यापाशी थांबल्या. हवालदाराला म्हणाल्या, "जाळसान तं पुरी जाळजा. अर्धी ठेवू नोका."

मला त्यांचा राग आला नाही. माझंही तेच मागणं आहे.